साठची का नव्वदची?

दुकानात कुणीही आलं की तात्यांचा पहिला प्रश्न हाच असायचा. या-बसा नाही, काय पाहिजे नाही, डायरेक्ट "साठची का नव्वदची?" म्हणजे साठ मिनिटांची कोरी कॅसेट घ्यायची की नव्वदची. साठची म्हणजे एका बाजूला तीस मिनिटं, नव्वदची म्हणजे पंचेचाळीस. गिऱ्हाईक नवखं असेल तर म्हणायचं, मोठी असेल ती द्या, आणि मग तात्या त्याला समजावत बसायचे की नव्वदचं रीळ पातळ असतं, स्वस्तातल्या टेपमध्ये गुंततं, साठची घ्या, गाणी कमी बसतील पण टिकतील. धंद्याच्या दृष्टीने हा सल्ला एकदम चुकीचा, कारण नव्वदचीत पैसे जास्त सुटायचे. पण तात्यांचं असंच होतं.

तात्या म्हणजे माझे चुलते. सांगली जिल्ह्यातल्या विट्यात एसटी स्टँडजवळ एका बोळात त्यांचं कॅसेटचं दुकान होतं, १९८६ च्या आसपास सुरू केलेलं. दुकान म्हणजे सहा बाय दहाची खोली, मागच्या भिंतीला फळ्या, फळ्यांवर कॅसेटी, पुढे काचेचं काउंटर आणि काउंटरखाली एक डबल डेक, म्हणजे एका कॅसेटवरून दुसरीवर उतरवायचं मशीन, ज्याला माझ्याशिवाय आणि तात्यांशिवाय कुणी हात लावायचा नाही असा नियम होता. शाळेच्या सगळ्या सुट्ट्या माझ्या तिथेच गेल्या. माझं अक्षर बरं होतं म्हणून लेबलं लिहायचं काम माझ्याकडे, आणि रोज सकाळी कापसाच्या बोळ्याला स्पिरिट लावून हेड पुसायचं काम पण माझ्याकडेच. कापूस तपकिरी झाला की हेड साफ झालं असं समजायचं.

हल्ली कॅसेटच्या आठवणी लिहायची फॅशन आलीय आणि त्यात पेन्सिल असतेच. रीळ बाहेर आलं की पेन्सिल घालून फिरवायचं, ते. मी ते लिहिणार नाही. खरं सांगायचं तर आमच्या दुकानात त्यासाठी पेन्सिल कधी वापरलीच नाही, तात्या करंगळी घालून फिरवायचे.

तर "भरून देणं", म्हणजे गिऱ्हाईक सांगेल ती गाणी कोऱ्या कॅसेटवर उतरवून देणं. माणूस यायचा तो यादी घेऊन यायचा. वहीचं फाडलेलं पान, त्यावर गाण्यांची नावं, अर्धी चुकीची, काहींचं फक्त "ते पावसातलं" किंवा "लताबाईंचं, ज्यात शेवटी नुसती बासरी आहे ते" असं वर्णन. तात्यांकडे एक जाड रजिस्टर होतं आणि त्यात दुकानातल्या एकूण एक गाण्याची लांबी मिनिट-सेकंदात लिहिलेली. ती त्यांनी स्वतः हातातल्या घड्याळावर मोजलेली. कॅसेटवर कंपनी लिहायची ती वेळ ते मानायचे नाहीत. मग यादी समोर ठेवून बेरीज करायची. तीन वीस, अधिक चार दहा, अधिक पाच पाच... तीसच्या आत कसं बसवायचं, एखादं लांबडं गाणं साईड ए वरून उचलून साईड बी ला टाकलं तर दोन छोटी बसतात का, हे सगळं. माझं गणित सुधारलं ते त्यामुळेच असं माझी आई अजून सांगते. सगळी यादी कधीच बसायची नाही. कधीच म्हणजे कधीच. काहीतरी काढायला लागायचं, आणि ते काय काढायचं हे तात्या ठरवायचे नाहीत, ते गिऱ्हाईकाला विचारायचे, आणि तिथे खरी मजा असायची. नवरा-बायको आले असतील तर काउंटरवरच वाद. एका बाजूला नवऱ्याची, दुसऱ्या बाजूला बायकोची अशी वाटणी मी कितीतरी वेळा लिहून घेतलीय. घरात सासूबाई असतील तर साईड बी ची शेवटची दहा मिनिटं अभंगांना सोडायची, म्हणजे मग टेप बाहेरच्या खोलीत लावता येतो. एकाने तर साठच्या कॅसेटवर एकच गाणं सोळा वेळा भरून घेतलं होतं, आठ इकडे आठ तिकडे. तात्यांनी त्याला एका शब्दाने काही विचारलं नाही. फक्त सोळा वेळा रिवाइंड करायला लागलं म्हणून पाच रुपये जास्त घेतले.

आणि एवढं सगळं जमवून पण शेवटी मिनिट-दीड मिनिट, दोन मिनिटं उरायचीच. ती मोकळी सोडायची नाहीत हा तात्यांचा हट्ट होता. गाणं अर्ध्यात तुटलेलं त्यांना चालायचं नाही आणि नुसती खरखर पण चालायची नाही. म्हणून त्यांनी एक वेगळी कॅसेटच करून ठेवलेली, सगळे बारके तुकडे, सनईचे, बासरीचे, कुठल्या तरी गाण्याच्या सुरवातीचं नुसतं म्युझिक. त्यातला मापात बसेल तो तुकडा शेवटी टाकायचा. त्याचे पैसे नाहीत. लोक पंधरा दिवसांनी परत येऊन विचारायचे, ते शेवटी टाकलंय ते काय आहे हो? ते पूर्ण मिळेल का?

आता उघडच सांगतो, हा सगळा धंदा बेकायदेशीर होता. कॉपीराइटचा कायदा १९५७ चा आहे आणि तो आम्हाला माहीत नव्हता असं म्हणणं खोटं होईल. कुणीतरी तपासणीला येतंय अशी कुणकुण लागली की आठ दिवस दुकानात फक्त कंपनीच्या कॅसेटी मांडलेल्या असायच्या आणि रजिस्टर घरी माळ्यावर. त्या गाण्यांच्या गायकाला, वाजवणाऱ्याला, लिहिणाऱ्याला आमच्याकडून एक पैसा गेला नाही. पुढे इंटरनेटवरच्या पायरसीबद्दल कुणी तावातावाने बोलायला लागलं की मी गप्प बसतो ते त्यामुळे.

आमचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक गलाईवाले. बाहेरच्यांना माहीत नसतं म्हणून सांगतो, आमचा खानापूर-आटपाडीचा भाग पूर्वीपासून दुष्काळी, आणि इथली माणसं पिढ्यानपिढ्या सोनं-चांदी गाळायच्या धंद्यात देशभर पांगलेली आहेत. थ्रिसूर, कोईमतूर, कोलकाता, दिल्ली, कुठेही सराफ कट्ट्याजवळ जा, मागच्या गल्लीत विट्याकडचा माणूस भट्टी लावून बसलेला सापडतो. ही माणसं दसऱ्याला गावी यायची, पालखीची शर्यत बघायची आणि परत जायच्या आधी दुकानात यायची. एकेकजण दहा-दहा कॅसेटी भरून न्यायचा. त्यांच्या याद्या वेगळ्याच असायच्या. लावणी, भारूड, तमाशातला वग, कीर्तन, आणि एक तरी कॅसेट पोरांसाठी, म्हणजे बडबडगीतं, कारण पोरं तिकडे मल्याळी शाळेत जायची आणि घरात मराठी बोलायला आईशिवाय कुणी नाही. थ्रिसूरचे एक दादा होते, ते म्हणायचे, तात्या, मध्ये मध्ये थोडं इथलं पण टाका. इथलं म्हणजे? म्हणजे इथला आवाज, स्टँडवर पुकारतात तो, यंत्रमागाचा खडखडाट, काय पण. आम्हाला तेव्हा हसू आलं. पण तात्यांनी खरंच टेप उचलून दारात ठेवला आणि दोन मिनिटं स्टँडवरचं पुकारणं भरून दिलं. कराड, कडेगाव, तासगाव, सांगली. ती उरलेली दोन मिनिटं अशी गेली.

काहीजण पत्राऐवजी कॅसेट पाठवायचे. अर्ध्या तासाचं बोलणं, एका बाजूला. दुसरी बाजू कोरी सोडायची, उत्तरासाठी. घरी टेप नसलेली एक म्हातारी तशी कॅसेट घेऊन दुकानात ऐकायला यायची, तेव्हा तात्या आम्हा पोरांना बाहेर काढायचे आणि शटर अर्धं ओढून घ्यायचे.

हे वाचून वाटेल की मी जुनं तेच सोनं म्हणायला बसलोय. तसं नाहीये, कारण कॅसेट ही स्वतःच तेव्हाची नवी टेक्नॉलॉजी होती आणि तिच्यावर पण लोकांनी नाकं मुरडलेली. फिलिप्सने ती १९६३ मध्ये आणली, आपल्याकडे घराघरात पोचायला ऐंशीचं दशक उजाडलं. त्याच्या आधी रेकॉर्ड काढायची म्हणजे जवळजवळ एचएमव्हीच, आणि एचएमव्ही कुणाला गायला बोलवील हे तिचं तिने ठरवायचं. कॅसेट कॉपी करायला सोपी, स्वस्त, आणि वाजवायला साधा टेप पुरे, त्यामुळे ती मक्तेदारी मोडली. गुलशन कुमारांच्या टी-सीरिजचं नाव त्यात सगळ्यात मोठं, पण त्यांच्यासारख्या लहान-मोठ्या कंपन्या गल्लोगल्ली उभ्या राहिल्या. प्रल्हाद शिंद्यांचा आवाज आमच्याकडे ट्रकमध्ये, पानटपरीवर, मंडपात, एकाच दिवशी तीन ठिकाणी ऐकू यायचा तो कॅसेटमुळे. त्यांची मुलं आनंद आणि मिलिंद शिंदे घरोघरी पोचले ते पण कॅसेटवरच. आणि भीमगीतं. १४ एप्रिलच्या आधीचे आठ दिवस दुकानात पाय ठेवायला जागा नसायची. जी गाणी रेडिओवर क्वचित लागायची ती माणसं स्वतःच्या पैशाने भरून नेत होती आणि स्वतःच्या वस्तीत, पाहिजे तेवढ्या मोठ्या आवाजात लावत होती. आवाजाबद्दल तक्रार करणारी मंडळी तेव्हाही होती. त्यांची तक्रार नक्की आवाजाबद्दल होती का, हे मला तेव्हा कळायचं नाही.

थोडं अजून मागे जातो. अठ्ठ्याहत्तरच्या तबकडीत, म्हणजे त्या मिनिटाला ७८ फेरे फिरणाऱ्या दहा इंची रेकॉर्डमध्ये, एका बाजूला तीन-साडेतीन मिनिटंच मावायची. रंगभूमीवर वन्समोअर घेत घेत जे पद अर्धा-पाऊण तास चालायचं ते त्या साडेतीन मिनिटांत कोंबायला लागलं. १९०२ साली कलकत्त्यात गायिका गौहर जाननी गाऊन झाल्यावर शेवटी इंग्रजीत स्वतःचं नाव सांगितलंय, ती रेकॉर्ड आज यूट्यूबवर ऐकायला मिळते. तेव्हा तबकड्या जर्मनीत हॅनोव्हरला छापल्या जायच्या आणि तिथल्या माणसाला कळायला हवं की ही बाई कोण, म्हणून. म्हणजे गाणं कापायचं, बसवायचं, त्याला मशीनच्या मापात आणायचं हे पहिल्या दिवसापासून चालूच आहे. आज स्पॉटिफायवर तीस सेकंद ऐकलं तरच गाणं ऐकल्याचं धरतात, म्हणून मुखडा पहिल्या दहा-पंधरा सेकंदांत आणायची सगळ्यांची धडपड असते, आणि सुरवातीचं म्युझिक जवळपास गेल्यातच जमा. तात्यांच्या तुकड्यांच्या कॅसेटला आज मालच मिळाला नसता. पण म्हणून मी रडणार नाही. साडेतीन मिनिटांत पण लोकांनी काय काय करून ठेवलंय.

मग माझी तक्रार कशाबद्दल आहे, हे शोधायला मला बरीच वर्षं लागली.

सीडी आली तेव्हा तात्या जरा दमले होते. एमपीथ्रीच्या एका सीडीत दीडशे गाणी बसायची, त्याला कोण यादी करणार. तरी लोक करत होते, निदान कलाकार सांगत होते, आशाबाईंची भरा, किशोरकुमारची भरा. माझ्या चुलतभावाने, तात्यांच्या मुलाने, दोन हजार सालानंतर दुकानात कॉम्प्युटर आणला आणि काउंटरचा अर्धा भाग मोबाईल रिचार्जला दिला. पाच-सहा वर्षांत उरलेला अर्धा पण गेला. बोर्ड बदलला, मोबाईल शॉपी झाली. पण गंमत बघा, शब्द तोच राहिला. भरून देणं. आता कॅसेटऐवजी मेमरी कार्ड. पोरं यायची, बोटाच्या नखाएवढं कार्ड काढून द्यायची आणि म्हणायची, "भर." काय भरू? "मिक्स मार."

मिक्स मार. दोन जीबीचं कार्ड, चारशे-पाचशे गाणी, वीस-तीस रुपये, दहा मिनिटांचं काम. भावाने कॉम्प्युटरवर फोल्डर करून ठेवलेले. डीजे मिक्स, लव्ह, सॅड, भक्ती, लावणी, साउथ. सिलेक्ट ऑल, कॉपी, पेस्ट. यादी नाही, बेरीज नाही, काही काढायचं नाही. तात्या तेव्हा दुकानात बसायचे ते एका कोपऱ्यात खुर्ची टाकून, पेपर वाचत. एकदा त्यांनी एका पोराला विचारलं, तुला यातलं कुठलं पाहिजे रं? पोरगं म्हणालं, सगळं. तात्यांनी पेपर परत वर धरला.

सगळेजण जिओचं नाव घेतात, की ५ सप्टेंबर २०१६ ला जिओ आलं आणि सगळं बदललं. धंद्यापुरतं ते खरं आहे. त्याच वर्षी एप्रिलच्या शेवटी सैराट आला होता, आणि भाऊ सांगतो की दुकानाने शेवटचा खरा सीझन तोच बघितला, लग्नसराईचे दिवस आणि अजय-अतुलची ती गाणी, कार्ड, पेनड्राईव्ह, ट्रॅक्टरच्या टेपला, ट्रकच्या टेपला, रात्री अकरापर्यंत माणसं उभी. त्यात पायरेटेड माल किती होता हे मी त्याला विचारलं नाही आणि त्याने सांगितलं नाही. मग सप्टेंबरमध्ये फुकट डेटा आला, आणि दिवाळीपर्यंत गाणी भरायला येणारा माणूस दिसेना झाला. आता भाऊ स्क्रीनगार्ड आणि चार्जर विकतो. बरं चाललंय त्याचं.

पण माझ्या मते काहीतरी मोडलं ते जिओच्या आधीच, मेमरी कार्डच्या काळात, ज्या दिवशी यादी बंद झाली त्या दिवशी. स्ट्रीमिंगने नंतर फक्त काउंटर हलवलं. फोल्डर माझ्या भावाच्या कॉम्प्युटरवर होते ते कुठल्या तरी कंपनीच्या सर्व्हरवर गेले आणि "मिक्स मार" म्हणायची पण गरज उरली नाही, ते आपोआप लागतं. मी स्वतः पुण्यात रोज गाडी चालवताना तेच करतो. एक गाणं लावतो आणि पुढचं काय लागेल ते लागू देतो. गेल्या वर्षभरात मी किती गाणी ऐकली याचा आकडा ॲपने डिसेंबरमध्ये रंगीत चित्रं काढून मला दाखवला, आणि त्यात माझं सगळ्यात आवडतं म्हणून जे गाणं होतं ते मला आठवेचना. लावून बघितलं. वाईट नव्हतं.

आता दुसरी बाजू पण सांगायला पाहिजे, नाहीतर माझी आई हे वाचून बोलेल. आई चौऱ्याहत्तर वर्षांची आहे, चौथीपर्यंत शिकली, टाईप करता येत नाही. पण यूट्यूबवर माईकचं चिन्ह दाबून बोलायचं तिला नातीने शिकवलं आणि तेव्हापासून ती कुणाचंच ऐकत नाही. "बाबामहाराज सातारकर हरिपाठ" असं ती फोनला ठसक्यात सांगते, जसं काही फोन तिचा धाकटा दीर आहे, आणि फोन निमूटपणे लावतो. पूर्वी तिला हे ऐकायचं तर तात्यांना सांगायला लागायचं, तात्या आणतील तेव्हा, आणि टेपवर दुपारी ताबा आमचा. तिने आयुष्यात पहिल्यांदा तिला पाहिजे ते, पाहिजे तेव्हा, कुणाला न विचारता ऐकलं ते साठी ओलांडल्यावर. याच्यापुढे माझ्या यादीबिदीच्या गोष्टी जरा हलक्याच पडतात, हे मला कळतं. फक्त एकच होतं, कीर्तन संपलं की तिचं लक्ष नसताना पुढचं आपोआप सुरू होतं, आणि तिसऱ्या-चौथ्या व्हिडिओला कुणीतरी कुणाच्या तरी अंगावर ओरडत असतं. आई स्वयंपाकघरातून हाक मारते, "अरे त्या मेल्याला बंद करा." आणि अभंगाच्या मधोमध गुडघेदुखीच्या तेलाची जाहिरात लागते ती वेगळीच. त्यावर ती म्हणते, तेल बरं असेल का रे?

तात्यांना आम्ही सगळ्यांनी मिळून कारवाँ घेऊन दिला, सारेगामाचा, जुन्या रेडिओसारखा दिसतो तो. मराठी गाण्यांचा. आत पाच हजार गाणी आधीच भरलेली. तात्यांनी तो हातात घेऊन उलटा-सुलटा करून बघितला, बटणं फिरवली, आवाज चांगला आहे म्हणाले. मग म्हणाले, "पाच हजार कुणी निवडली?" कंपनीने, मी म्हटलं. "माणसानं?" मला उत्तर देता आलं नाही. ते आता त्यावर सकाळी रेडिओ लावतात.

आणि आता त्या कॅसेटचं सांगतो, जिच्यामुळे हे सगळं डोक्यात आलं.

गेल्या उन्हाळ्यात विट्याच्या घराचा माळा साफ करताना एक बुटाचा खोका सापडला, त्यात तेरा कॅसेटी. बारा कंपनीच्या, बुरशी आलेल्या. तेराव्यावर माझ्याच अक्षरात "बाबूजी – निवडक" असं लिहिलेलं, आणि ते खोडून खाली तात्यांच्या अक्षरात "आई". बास. तारीख नाही. आई म्हणजे माझी आजी, तात्यांची आई, जाऊन अठ्ठावीस वर्षं झाली. तिचा फोटो घरात एकच आहे आणि त्यात ती कुणाकडे तरी रागाने बघतेय. आवाज आहे हे कुणालाच माहीत नव्हतं. तात्या सोडून. ते म्हणाले, हां, हाय की. म्हणजे त्यांना माहीत होतं, कुणी विचारलं नाही म्हणून सांगितलं नाही.

वाजवायचं कशावर? दुकानातला डेक कधीच भंगारात गेलेला. पुण्यात जुन्या बाजारात दोन रविवार घालवले तेव्हा एक चालू टेप मिळाला, चालू म्हणजे पट्टा घसरणारा, तो बदलून घेतला. मग हेडफोनच्या भोकातून केबल लॅपटॉपला आणि फुकटचं ऑडॅसिटी सॉफ्टवेअर. हे काम करताना एक गोष्ट पुन्हा कळली की कॅसेटला घाई चालत नाही. लॅपटॉपवर सिनेमा मिनिटात कॉपी होतो, पण साठ मिनिटांची कॅसेट उतरवायला साठ मिनिटंच लागतात, सेकंदाला पावणेपाच सेंटीमीटर रीळ सरकणार, जवळजवळ ९० मीटर रीळ एकदा इकडून एकदा तिकडून, तुम्ही समोर बसा नाहीतर उठून जा.

साईड ए ला सुधीर फडके. बाबूजींची भावगीतं, लागोपाठ, तात्यांनी भरलेली. मधल्या जागा मोजून सोडलेल्या. साईड बी ला पण तेच, तीन गाणी झाली, चौथं सुरू झालं, दुसऱ्या कडव्याच्या मध्यावर आलं आणि एकदम खट्ट. मग खरखर, लांब कुठेतरी यंत्रमाग चालू, एक भांडं पडल्याचा आवाज, आणि तात्यांचा तरुण आवाज, "हं, म्हण आता." मग आजी. "काय म्हणू?" "ते दळताना म्हणतीस ते." "आता कुठं दळतीया मी, गिरण हाय की." "म्हण गं." आणि मग थोडा वेळ नुसता माग, आणि मग तिने सुरू केलं, जात्याशिवाय, उगाच थोडं अवघडत,

इट्याच्या वाटंवरी, धुरळा उडतो गाडीचा
माझ्या गं बाळाच्या दुकानी, आवाज येतो पेटीचा

तात्या हसल्याचं ऐकू येतं. म्हणजे ही तिने तिथल्या तिथे जुळवलेली. अशा चार ओव्या आहेत. सगळ्या मिळून साडेतीन मिनिटं, एका तबकडीएवढी. चौथी संपल्यावर ती विचारते, "झालं का? बंद कर की, करंट जळतुया." आणि परत खट्ट, आणि बाबूजींचं गाणं, जिथे तुटलं होतं तिथून नाही, पार पुढे शेवटच्या ओळीवर.

मला माहीत आहे की अशा ओव्या काही आमच्याच आजीकडे नव्हत्या. हेमा राईरकर आणि गी पॉइत्वाँ यांनी गावोगावच्या बायकांकडून जात्यावरच्या एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या, आणि आज त्या पारीच्या, म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडियाच्या साईटवर वाचायला आणि बऱ्याचशा ऐकायला पण मिळतात, त्या बायकांच्या नावासकट, गावासकट. हे डिजिटल नसतं तर त्या वह्या आणि टेप कुठल्या तरी कपाटात राहिल्या असत्या. मी आईला त्यातल्या काही लावून दिल्या तर तिने दोन ओव्या पुढच्या पुढे म्हणून दाखवल्या, फोनच्या आधीच. नेटवर मला सापडलेली सगळ्यात चांगली जागा कुठली असं कुणी विचारलं तर मी तीच सांगेन.

तर मी आजीची ती साडेतीन मिनिटं कापून घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकली. एकतीस जणांचा ग्रुप. रडणारे चेहरे, हात जोडलेले, हार्ट. अर्ध्या तासाने भाच्याने एक दुसरी फाईल टाकली, मामा, नॉइज फार होता म्हणून क्लीन करून घेतली, एआयचं ॲप आहे, फुकट आहे. ऐकली. खरंच साफ होती. माग गेला, भांडं गेलं, खरखर गेली. तात्यांचं हसू पण गेलं, ॲपला वाटलं असेल की ते पण नॉइजच. आजी एकटीच राहिली, कुठल्या तरी बंद खोलीत म्हणत असल्यासारखी. आणि फाईल चौथ्या ओवीपाशी संपवलेली, पुढचं बोलणं कापून. भाच्याचा हेतू चांगला होता. सगळ्यांनी त्याला पण अंगठे दिले. मग कुणाच्या तरी वाढदिवसाचा केक आला आणि दोन्ही फायली वर सरकून गेल्या.

पुढच्या वेळी विट्याला गेलो तेव्हा टेपच घेऊन गेलो. तात्या आता एकोणऐंशीचे आहेत, ऐकायला उजव्या बाजूने बरं येतं, म्हणून टेप उजवीकडे ठेवला. कॅसेट मी त्यांच्या हातात दिली. त्यांनी आधी ती पाठीवर बघितली, जिथे त्या दोन बारक्या प्लॅस्टिकच्या पट्ट्या असतात, ज्या मोडल्या की वर दुसरं काही भरता येत नाही. मोडलेल्या होत्या. एका भोकाच्या कडेला जुन्या चिकटपट्टीचा पिवळा डाग होता.

"त्या दिवशी घरात कोरी नव्हती," ते म्हणाले. "ही दुकानातनं माझ्यासाठी भरून आणलेली. आई कधी नव्हं ते म्हणायला तयार झाली, मग हिलाच भोकावर पट्टी लावली न् घेतलं. नंतर पट्टी काढून टाकली."

म्हणजे बाबूजी पुसले?

"मग काय. जागा कुठनं आणणार?"

साईड बी लावली. तात्या डोळे मिटून बसले होते, पण हाताची बोटं गुडघ्यावर मोजत होती, एवढ्या वर्षांनी पण. खट्ट झालं, माग सुरू झाला, "हं, म्हण आता," ओव्या झाल्या, करंट जळतुया झालं, आणि शेवटची ओळ वाजून कॅसेट संपली. बटण आपोआप वर आलं.

थोड्या वेळाने म्हणाले, "ते गाणं अर्धंच राहिलं बघ."

मी म्हटलं थांबा, मोबाईलवर आहे की. शोधायला पाच सेकंद पण लागले नाहीत. लावलं, सुरवातीपासून, स्वच्छ आवाजात. तात्यांनी हात वर केला.

"हितनं नको. आई बोलली तिथनं लाव."